लिझेलॉटे पुल्वर यांचे आठ चित्रपट: एका डिस्कसंग्रहाचे परीक्षण

गेल्या दोन वर्षांत मी एकाच अभिनेत्रीच्या आठ चित्रपटांच्या डिस्क युरोपातून एकेक करून मागवल्या आणि यंदाच्या पावसाळ्यात शनिवार-रविवार मोकळे ठेवून त्या निर्मितीच्या क्रमाने पाहिल्या. अभिनेत्रीचे नाव लिझेलॉटे पुल्वर. ११ ऑक्टोबर १९२९ रोजी स्वित्झर्लंडमधल्या बर्न शहरात त्यांचा जन्म झाला. त्यांची जवळजवळ सगळी कारकीर्द जर्मन भाषेतल्या चित्रपटांत आणि पुढे दूरचित्रवाणीवर घडली, आणि जर्मन प्रेक्षक आजही त्यांना ‘लिलो’ या लाडक्या नावानेच ओळखतात. पुण्यात जर्मन शिकणाऱ्यांची संख्या मोठी आहे, पण त्यांच्या तोंडी या बाईंचे नाव क्वचितच येते. मी स्वतः बोट क्लब रस्त्यावरच्या मॅक्सम्युलर भवनात जर्मन शिकले आणि आज ती भाषा शिकवते, तरी चाळिशी उलटेपर्यंत मीही त्यांचा एकच चित्रपट पाहिला होता. म्हणून हे परीक्षण जरा सविस्तर लिहीत आहे. या डिस्क घ्याव्यात का, कोणत्या आधी घ्याव्यात आणि त्यांत नेमके काय पाहावे, हे सांगण्याचा हा प्रयत्न आहे.

पुल्वर यांच्याविषयी जर्मनमधला कोणताही लेख उघडला, तर दुसऱ्या-तिसऱ्या वाक्यात त्यांच्या हसण्याचा उल्लेख येतोच. ते हसणे आहेही तसेच: मान किंचित मागे टाकून, मोकळ्या गळ्याने, ओठांवर हात न नेता हसलेले. पन्नाशीच्या दशकातल्या पश्चिम जर्मनीला, युद्धातून नुकत्याच सावरणाऱ्या त्या प्रेक्षकाला, अशा निर्मळ हसण्याची ओढ होती आणि निर्मात्यांनी ते हसणे भरपूर विकले. पण आठही चित्रपट ओळीने पाहिल्यावर माझी खात्री झाली की पुल्वर यांचे खरे सामर्थ्य हसण्यात नाही, कानात आहे. प्रत्येक चित्रपटात त्या वेगळ्या तऱ्हेचे जर्मन बोलतात, आणि भूमिका त्या बोलण्यातून उभी राहते. वेशभूषा आणि हसणे हे त्यानंतरचे.

याचे मूळ बर्नमध्ये आहे. जर्मनभाषक स्वित्झर्लंडमध्ये घरात, बाजारात आणि मित्रमंडळींत बोली चालते. प्रमाण जर्मन मूल शाळेत शिकते. माझे माहेर कुडाळचे. घरात मालवणी आणि शाळेत पुस्तकी मराठी अशी दोन दरवाजांतून ये-जा मी लहानपणापासून केली आहे, त्यामुळे ही स्थिती मला समजावून घ्यावी लागली नाही. दुसऱ्या दरवाजाने आत येणारा माणूस शब्द उच्चारण्याआधी तो ऐकतो. पुल्वर यांचे वडील अभियंता होते. मुलीने आधी व्यापारी शाळेतली पदविका घेतली आणि मग बर्नच्या कॉन्झर्वेटोरियममध्ये अभिनयाचे शिक्षण घेतले. तिथे त्यांना शिकवणाऱ्या मार्गारेटे नोए फॉन नॉर्डबर्ग या मारिया शेल आणि मॅक्सिमिलियन शेल या दोन प्रसिद्ध नटांच्या आई. रंगभूमीवरचे काटेकोर जर्मन बर्नच्या या मुलीने जवळजवळ परभाषेसारखे, घोटून घोटून शिकले असणार. बर्न आणि झ्युरिकच्या रंगमंचावर कामे मिळू लागली, १९४९ साली लिओपोल्ड लिंटबर्ग यांच्या ‘स्विस टूर’मध्ये लहानशी भूमिका मिळाली, १९५० साली ‘फ्यॉन’मध्ये त्या काळचे बडे नट हान्स आल्बर्स यांच्यासमोर उभे राहण्याची संधी आली. हे सुरुवातीचे चित्रपट माझ्या संग्रहात नाहीत. माझा संग्रह सुरू होतो तो १९५४ पासून.

पहिली डिस्क ‘उली देर क्नेख्ट’, म्हणजे ‘गडी उली’. येरेमियास गोटहेल्फ यांच्या एकोणिसाव्या शतकातल्या कादंबरीवरून फ्रान्झ श्नायडर यांनी हा चित्रपट केला. बर्नजवळच्या एमेंटाल खोऱ्यातले शेतकऱ्यांचे जग, तिथला दारूच्या आणि उनाडपणाच्या नादी लागलेला गडी, त्याला माणसात आणणारा समजूतदार मालक, मग दुसऱ्या मोठ्या वाड्यावर मुकादम म्हणून झालेली त्याची नेमणूक आणि तिथे भेटलेली व्रेनेली. व्रेनेली मालकाच्या नात्यातली, पण आश्रित. घरचे सगळे काम तिच्यावर आणि मान मात्र मालकाच्या लाडावलेल्या मुलीला. उलीची नजर आधी पैशाकडे, म्हणजे त्या मुलीकडे जाते. व्रेनेली ते बघत राहते.

हा चित्रपट बर्नच्या बोलीत आहे आणि इथे पुल्वर घरच्या अंगणात आहेत. या बोलीत ‘ल’चा ‘उ’ होतो, ‘न्ड’चा ‘ङ’ होतो; मूल म्हणजे ‘किंड’ हा शब्द ‘खिंग’ असा ऐकू येतो आणि दुधाचे ‘मिल्श’ जाऊन ‘मिउख’ होते. पुल्वर यांच्या तोंडी ही बोली झऱ्यासारखी चालते. एका प्रसंगात व्रेनेली कामाच्या घाईत उलीशी बोलते. हात थांबत नाहीत, मान वर होत नाही, वाक्य मात्र शेवटी किंचित वर चढते, आणि त्या चढलेल्या स्वरातच तिला हा माणूस आवडतो हे कळून जाते. हसणे नाही, डोळ्यांत पाणी नाही. मी तो तुकडा चार वेळा मागे नेऊन पाहिला. बोलीतल्या स्वराने एवढे सांगता येते, हे आपल्याकडे कोकणातल्या किंवा वऱ्हाडातल्या कोणालाही पटेल. ती बोली विनोदापुरती वापरण्याची सवय मात्र आपल्या पडद्याला फार आहे. ‘उली’मध्ये बोली ही माणसांची संपूर्ण भाषा आहे, तिच्यातच प्रार्थना होते आणि तिच्यातच हिशेब होतो. पुढच्या वर्षी ‘उली देर पेख्टर’ हा उत्तरार्ध आला; त्यात उली आणि व्रेनेली तीच शेती खंडाने करतात. पुल्वर त्यातही आहेत, पण ती डिस्क अजून मला मिळालेली नाही.

१९५५ च्याच अखेरीस आलेल्या ‘इश डेंके ऑफ्ट आन पिरोश्का’ने, म्हणजे ‘मला पिरोश्काची अनेकदा आठवण येते’ या चित्रपटाने त्यांना जर्मनीच्या घराघरांत नेले. दिग्दर्शक कुर्ट हॉफमान. त्यांच्याबरोबर पुल्वर यांनी पुढे-मागे दहाएक चित्रपट केले. गोष्ट साधी आहे. १९२५ सालच्या उन्हाळ्यात आंद्रेआस नावाचा जर्मन विद्यार्थी हंगेरीत जातो, होदमेझोवाशारहेयकुताशिपुस्ता अशा जीभ अडखळवणाऱ्या नावाच्या आडस्थानकावर उतरतो आणि स्टेशनमास्तरच्या सतरा वर्षांच्या मुलीच्या प्रेमात पडतो. ती मुलगी म्हणजे पंचविशी गाठलेल्या पुल्वर.

स्विस बोली बोलणारी नटी, शिकून घेतलेले प्रमाण जर्मन, आणि त्यावर चढवलेली हंगेरियन ढब. या तिहेरी कसरतीत एरवी कोणीही तोंडघशी पडले असते. पुल्वर पडत नाहीत, कारण त्या ढबीची नक्कल करत नाहीत, ती समजून घेतात. हंगेरियनमध्ये आघात नेहमी शब्दाच्या पहिल्या अक्षरावर येतो. पिरोश्का जर्मन शब्दांवरही तसाच आघात देते, त्यामुळे प्रत्येक शब्द जणू दारावर टकटक करून आत येतो. तिला नेमका शब्द सापडत नाही तेव्हा ती खाली पाहत नाही, समोरच्याकडे पाहते, जणू शब्द त्याच्याच खिशात असावा. परभाषा शिकणाऱ्या माणसाची ही नजर मी वर्गात रोज पाहते. वर्गात ‘पिरोश्का’तले उतारे दाखवायला लागल्यापासून माझे विद्यार्थी चुकीच्या जर्मनची लाज थोडी कमी बाळगू लागले आहेत, हा माझा अनुभव आहे.

या चित्रपटावर आक्षेप घेता येतात आणि मला ते मान्य आहेत. हंगेरी म्हणजे माळरान, मिरच्यांच्या माळा, व्हायोलिन आणि घोडे, एवढेच इथे दिसते. हा जर्मन सुट्टीवाल्याने पाहिलेला देश आहे. युद्धाच्या आधीचा काळ निवडल्यामुळे अवघड प्रश्नही टळले आहेत. गुस्ताव क्नूथ यांचा स्टेशनमास्तर आणि पुल्वर यांची पिरोश्का ही दोन माणसे मात्र त्या चित्रमालेतून बाहेर येऊन उभी राहतात. सिग्नलचा दांडा, रुळांच्या कडेची धूळ आणि येणाऱ्या गाडीची वाट पाहणारी मुलगी, एवढ्यावर शेवट उभा आहे आणि तो आजही गलबलून टाकतो.

आता डिस्कविषयी, कारण पैसे त्याचे मोजायचे असतात. युरोपातल्या डीव्हीडी विभाग २ च्या असतात आणि भारत विभाग ५ मध्ये येतो. त्यामुळे साध्या भारतीय प्लेअरवर यांतल्या बहुतेक डिस्क चालत नाहीत. सर्व विभागांच्या डिस्क चालवणारा प्लेअर लागतो. लॅपटॉपच्या ड्राइव्हवर विभाग बदलता येतो, पण तो मोजून काही वेळाच, हे आधी ध्यानात घ्यावे. चित्रप्रणाली दोन्हीकडे पालच असल्याने ती अडचण नाही. माझ्या प्रतींपैकी ‘पिरोश्का’चे रंग उत्तम राखले आहेत, उन्हात वाळलेल्या गवताचा पिवळा रंग जिवंत दिसतो. ‘उली’च्या प्रतीत मात्र पहिल्या रिळावर बारीक रेघा आहेत आणि ध्वनीत खरखर आहे. मोठी उणीव उपशीर्षकांची. माझ्याकडच्या सहा जर्मन चित्रपटांपैकी चारांवर कोणतीही उपशीर्षके नाहीत, दोनांवर फक्त जर्मन आहेत, तीही कर्णबधिरांसाठी तयार केलेली. इंग्रजी एकावरही नाहीत. ज्यांचे जर्मन मध्यम पातळीचे आहे, त्यांनी ‘पिरोश्का’पासून सुरुवात करावी. त्यातले संवाद संथ आणि स्पष्ट आहेत. ‘उली’ मात्र चांगले जर्मन येणाऱ्यालाही पहिल्यांदा ऐकताना निम्मा कळतो.

‘दी त्स्युर्शर फेरलोबुंग’ (१९५७) आणि ‘दास विर्ट्सहाउस इम श्पेसार्ट’ (१९५८) या दोन डिस्क बरोबर आल्या आणि मी त्या एकाच शनिवारी पाहिल्या. पहिला हेल्मुट कॉइटनर यांचा. त्यात पुल्वर जर्मन लेखिका आहेत आणि त्यांचे मन वेधून घेणारा झ्युरिकचा डॉक्टर पाउल हुब्श्मिड यांनी केला आहे. म्हणजे बर्नची मुलगी स्वित्झर्लंडमध्ये परकी पाहुणी म्हणून वावरते. त्या वावरण्यात एक सूक्ष्म गंमत आहे: समोरच्याचे स्विस उच्चार ऐकताना त्यांचा चेहरा अगदी जर्मन राहतो, जणू हे सूर त्यांनी जन्मात ऐकले नव्हते. दुसरा चित्रपट हॉफमान यांचा, विल्हेल्म हाउफ यांच्या कथेवर बेतलेला, फ्रान्झ ग्रोथे यांच्या संगीताचा. जंगलातल्या सरायीत दरोडेखोरांचा घाला पडतो. सरदारकन्या फ्रान्झिस्का एका कारागीर पोराशी कपडे बदलून निसटते आणि मग मुलगा म्हणून वावरत थेट दरोडेखोरांच्या अड्ड्यातच परत जाते. दरोडेखोरांच्या नायकाच्या भूमिकेत कार्लोस थॉम्प्सन आहेत. मुलाचे सोंग घेताना नट्या बहुधा आवाज जाड करतात. पुल्वर आवाज फारसा बदलत नाहीत, वाक्ये तोडतात. सरदारकन्येची लांब, सुबक वाक्ये जाऊन कामकरी पोराची दोन-दोन शब्दांची वाक्ये येतात, आणि गडबडीत एखादे लांब वाक्य निसटले की चेहऱ्यावर क्षणभर धास्ती उमटते. हा चित्रपट एवढा चालला की त्याचे आणखी दोन भाग निघाले, १९६० आणि १९६७ साली. मुलाचा वेश घ्यायला लावणारी आणखी एक भूमिका त्यांनी १९६० साली ‘गुस्ताव आडोल्फ्स पाझं’मध्ये केली. त्या चित्रपटाच्या वेळी भेटलेले नट हेल्मुट श्मिड पुढे त्यांचे पती झाले.

संग्रहातला सर्वांत गंभीर चित्रपट अमेरिकन आहे. डग्लस सर्क यांचा ‘अ टाइम टू लव्ह अँड अ टाइम टू डाय’ (१९५८) एरिश मारिया रेमार्क यांच्या कादंबरीवर आहे आणि रेमार्क यांनी स्वतः त्यात वृद्ध प्राध्यापकाची भूमिका केली आहे. रशियन आघाडीवरून तीन आठवड्यांच्या रजेवर आलेला सैनिक, बॉम्बने उद्ध्वस्त झालेले त्याचे गाव आणि त्यात भेटलेली एलिझाबेथ. सर्क हे मूळचे जर्मन. ते देश सोडून गेले, त्यांचा मुलगा मागे राहिला आणि १९४४ साली पूर्वेच्या आघाडीवर मारला गेला. हे माहीत असलेल्याला त्या सैनिकाच्या प्रत्येक दृश्यात बापाचे डोळे दिसतात. सैनिकाच्या भूमिकेतले जॉन गॅव्हिन अस्सल अमेरिकन इंग्रजी बोलतात, त्यामुळे त्यांचा जर्मनपणा गणवेशापुरता राहतो. पुल्वर यांचे इंग्रजी मात्र जपून टाकलेल्या पावलांचे आहे. ढिगाऱ्यांतून वाट काढणाऱ्या मुलीला ते शोभते. भाषेतल्या मर्यादेचे त्यांनी इथे भांडवल करून दाखवले आहे. या चित्रपटात त्या फारच थोड्या वेळा हसतात, आणि जेव्हा हसतात तेव्हा आपण दचकतो. फ्रान्समध्ये तरुण जाँ-ल्यूक गोदार यांनी या चित्रपटावर भारावून लिहिले होते. जर्मनीत त्याचे स्वागत थंड झाले. मला विचाराल तर पुल्वर यांचे सर्वोत्तम गंभीर काम हेच आहे.

‘बुडनब्रूक्स’ (१९५९) दोन भागांत आहे, आणि माझी तक्रार इथली आहे. ज्या विक्रेत्याकडून ही जोडी मागवली, त्याच्या डबीच्या दोन्ही खाचांत पहिल्याच भागाची डिस्क निघाली. पत्रव्यवहारात सात आठवडे गेले आणि दुसरा भाग अखेर आला तो साध्या कागदी पाकिटात, कडेला चरा घेऊन. जुन्या डिस्क मागवणाऱ्यांनी डबी हातात येताच उघडून दोन्ही डिस्क लावून पाहाव्यात. परत पाठवण्याची मुदत संपल्यावर काही करता येत नाही. चित्रपट टोमास मान यांच्या कादंबरीवर आहे, दिग्दर्शक आल्फ्रेड वायडनमान, आणि पटकथेत लेखकाच्या कन्या एरिका मान यांचा हात होता. पुल्वर टोनी झाल्या आहेत: ल्युबेकच्या व्यापारी घराण्यातली, घराण्याच्या नावापायी स्वतःच्या मनातला माणूस सोडून देणारी आणि चुकीच्या माणसाशी लग्न करून फसणारी मुलगी. दोन भागांत कादंबरी मावत नाही आणि चित्रपट अनेक ठिकाणी चित्रमय सारांशासारखा पळतो. तरीही टोनीचे वय वाढत जाताना तिच्या बोलण्यात वडिलांचे शब्दप्रयोग कसे शिरत जातात, ते पाहण्यासारखे आहे. घराण्याचे वैभव जाते आणि घराण्याची भाषा तेवढी तिच्या तोंडी उरते.

हेल्मुट कॉइटनर यांच्याच ‘दास ग्लास वासर’ (१९६०) या चित्रपटात त्या इंग्लंडच्या राणी ॲन आहेत. स्क्रीब यांचे नाटक, मुद्दाम कृत्रिम ठेवलेले नेपथ्य, आणि समोर गुस्ताफ ग्र्युन्डगेन्स आणि हिल्डे क्राल अशी जर्मन रंगभूमीवरची दिग्गज जोडी. ग्र्युन्डगेन्स एकेक शब्द कोरून ठेवतात, क्राल त्याला धार लावतात. त्या दोघांमध्ये ही भाबडी, गोंधळलेली राणी पडल्यावर वाटते की आता पुल्वर झाकल्या जाणार. तसे होत नाही. त्या वेगात स्पर्धाच करत नाहीत, मधल्या विरामांचा ताबा घेतात. राणी एक पेला पाणी मागते, तेव्हा दरबाराला ती साधी तहान वाटते आणि ज्याला कळायचे त्याला संकेत कळतो. ते एक वाक्य उच्चारण्याआधीचा अर्ध्या क्षणाचा विलंब म्हणजे नाटकाचे शिक्षण काय असते याचा नमुना आहे.

आणि मग १९६१ चा ‘वन, टू, थ्री’. बिली वाइल्डर यांचा हा चित्रपट पश्चिम बर्लिनमधल्या कोका-कोलाच्या अमेरिकन साहेबाची धावपळ दाखवतो. साहेब जेम्स कॅग्नी, त्यांची सेक्रेटरी फ्रॉइलाइन इंगेबोर्ग म्हणजे पुल्वर. चित्रीकरण बर्लिनमध्ये चालू असतानाच १३ ऑगस्ट रोजी भिंत उभी राहिली. ब्रांडेनबुर्ग दरवाज्यापाशी काम करणे अशक्य झाले, तेव्हा म्युनिकच्या स्टुडिओत त्या दरवाज्याची प्रतिकृती उभारून उरलेले काम पुरे केले गेले. ज्या शहरातली कुटुंबे रातोरात दुभंगली होती, तिथे पूर्व-पश्चिमेवरच्या या प्रहसनाला हसायला कोणाचे मन धजावले नाही. चित्रपट पडला. १९८५ साली तो पश्चिम बर्लिनमध्ये पुन्हा लागला, तेव्हा मात्र लोकांनी त्याला डोक्यावर घेतले.

सगळ्यांना आठवतो तो पूर्व बर्लिनच्या हॉटेलातला नाच. ठिपक्याठिपक्यांच्या पोशाखातली इंगेबोर्ग टेबलावर चढून खाचातुर्यान यांच्या ‘सेबर डान्स’वर नाचते, रशियन अधिकारी भान हरपून बूट टेबलावर आपटतात, आणि त्या हादऱ्यांनी भिंतीवरच्या चौकटीतून ख्रुश्चेव्ह यांचे चित्र घसरून मागे दडलेले स्टालिन यांचे चित्र उघडे पडते. हा प्रसंग मी कितीदा पाहिला असेल सांगता येत नाही. पण यावेळी माझे लक्ष अधिक खिळले ते कार्यालयातल्या छोट्या प्रसंगांवर. साहेब आणि सेक्रेटरी यांच्यातल्या लफड्याला चित्रपटात जर्मन शिकवणीचे पांघरूण आहे. त्यासाठी ‘उमलाउट’ हा शब्द वापरला आहे, म्हणजे जर्मन स्वरांवर येणारी दोन टिंबे. पुल्वर ते सगळे अत्यंत निरागस, जवळजवळ शाळामास्तरणीच्या चेहऱ्याने बोलतात. परक्या भाषेत, वाइल्डर यांच्या त्या मशीनगनसारख्या वेगात, विनोदाचे टोक एकदाही न हुकवता त्या उभ्या आहेत, आणि समोर आहेत कॅग्नी. इंग्रजीतला हा विनोद पेलताना त्यांनी आपला जर्मन उच्चार लपवलेला नाही, उलट त्याला लय दिली आहे. या डिस्कवर इंग्रजी आणि जर्मन दोन्ही उपशीर्षके आहेत आणि कृष्णधवल चित्र काचेसारखे स्वच्छ आहे. जर्मन न येणाऱ्या वाचकाने आठांपैकी एकच डिस्क घ्यायची तर ही घ्यावी.

माझा संग्रह इथे थांबतो, कारकीर्द अर्थातच थांबली नाही. १९६२ साली तरुण दिग्दर्शकांनी ओबरहाउझनच्या जाहीरनाम्यातून जुन्या जर्मन चित्रपटाला निरोप दिला आणि पुल्वर ज्या सिनेमाच्या तारका होत्या, तो हळूहळू मावळत गेला. नव्या दिग्दर्शकांनी त्यांच्याकडे पाहिले नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते. कारण फ्रान्समध्ये झाक रिव्हेत यांनी १९६६ च्या ‘ला रलिजिअझ’मध्ये त्यांना मठाधिपतीची भूमिका दिली आणि त्याच परिचित हास्याखालची अस्वस्थ करणारी बाजू बाहेर काढली. फ्रान्समध्ये काही काळ बंदी आलेला हा चित्रपट ज्यांना मिळेल त्यांनी चुकवू नये. पुढची पिढी त्यांना ओळखते ती दूरचित्रवाणीमुळे: १९७८ पासून ‘झेझामश्ट्रासे’ या मुलांच्या कार्यक्रमात झामझोन नावाचे अवाढव्य अस्वल आणि टिफी ही गुलाबी पक्षीण यांच्याबरोबर त्या दिसू लागल्या. आपल्याकडच्या ‘गली गली सिम सिम’चे हे जर्मन भावंड. त्यातले काही तुकडे मी पाहिले आहेत. बाहुल्यांशी बोलताना त्या लाडिक बोलत नाहीत. अस्वल काय म्हणते ते पूर्ण ऐकून घेतात आणि मगच उत्तर देतात. १९८० साली जर्मन चित्रपटातल्या प्रदीर्घ कामगिरीबद्दल त्यांना सुवर्ण फिल्मबांड हा मानाचा पुरस्कार मिळाला. दूरचित्रवाणीवरचे हे काम डिस्कवर नीट, सलग उपलब्ध व्हायला हवे, ही माझी वितरकांकडे कळकळीची मागणी आहे. एका अभिनेत्रीच्या कामाचा अर्धा भाग असा तुकड्यातुकड्यांत विखुरलेला राहणे बरे नव्हे.

खरेदीचा क्रम विचाराल तर इंग्रजी जाणणाऱ्यांनी ‘वन, टू, थ्री’ आणि मग सर्क यांचा चित्रपट घ्यावा. जर्मन शिकणाऱ्यांनी ‘पिरोश्का’, त्यानंतर ‘विर्ट्सहाउस’, आणि कान तयार झाल्यावर ‘दास ग्लास वासर’. ‘बुडनब्रूक्स’ कादंबरी वाचलेल्यांसाठी आहे. ‘त्स्युर्शर फेरलोबुंग’ सावकाश घेतला तरी चालेल. ‘उली’ सर्वांत शेवटी घ्यावा, पण घ्यावा जरूर. उपशीर्षकांवाचून तो अडून राहू नये म्हणून मी माझ्या विद्यार्थ्यांसाठी त्याचे संवाद मराठीत उतरवायला घेतले आहेत. पहिला आठवडा एमेंटालचे गडी कोणती मराठी बोलतील, हे ठरवण्यातच गेला. प्रमाण मराठीत ते शाळेत गेल्यासारखे वाटतात, आणि मालवणीत घातले तर कुडाळच्या बाजारात येऊन उभे राहतात. तूर्त दोन्ही रकाने समोरासमोर ठेवले आहेत. पहिली वीस मिनिटे उतरवून झाली आहेत; व्रेनेली अजून पडद्यावर यायची आहे.